अपेक्षेचा रकाना

तुळशीचं लग्न लागलं की आमच्या तालुक्याच्या मंगल कार्यालयात उपवर-उपवधू परिचय मेळावा भरतो. यंदाच्या मेळाव्यात दोन भाषणं झाली. पहिल्या वक्त्याचं म्हणणं असं, की पोरी शिकल्या आणि शेतकऱ्याच्या पोरांवर बिनलग्नाचं राहायची पाळी आली. चार बुकं वाचून पोरींना आता वावर नको, शेणामातीचा वास नको, पुण्याचा नोकरीवाला हवा. दुसऱ्या वक्त्यानं त्याला तावातावानं उत्तर दिलं: पोरींनो, खुशाल शिका, नोकरी मिळवा, मग स्थळंच तुमच्या दारात रांग लावतील. दोन्ही भाषणांना सारख्याच टाळ्या पडल्या. मी मागच्या रांगेत बसले होते आणि शेजारी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला असलेली माझीच एक विद्यार्थिनी होती. तिच्या मांडीवर परिचयाचा फॉर्म. नाव, उंची, रक्तगट, शिक्षण, मामकुळ, शेती किती, सगळं भरलेलं. सर्वांत शेवटी 'अपेक्षा' असा एक रकाना, आणि त्यात तिच्या वडिलांच्या अक्षरात लिहिलेलं: 'नोकरीवाला, निर्व्यसनी.' मी हळूच विचारलं, ही तुझी अपेक्षा आहे का गं? ती म्हणाली, "बाबानं लिहिलं, मॅडम. अन् मले लिहाले लावलं असतं तरी मी का लिहिलं असतं? मले का पायजे तेच मले माहीत नाही."

त्या दिवसापासून ते वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही. मी यवतमाळ जिल्ह्यातल्या एका महाविद्यालयात तासिका तत्त्वावर मराठी शिकवते. दरवर्षी सहाव्या सत्राच्या वर्गात तीस-पस्तीस मुली असतात, आणि हेच वाक्य वेगवेगळ्या शब्दांत मी त्यांच्या तोंडून ऐकत आले आहे. माझं म्हणणं असं आहे, की व्यासपीठावरचे ते दोघे एकमेकांचे विरोधक नव्हतेच. एकाला शिक्षणानं बिघडलेली सून दिसते, दुसऱ्याला शिक्षणानं पगार आणणारी सून दिसते. पदवीचं मोल दोघेही लग्नाच्या बाजारातच करतात. मुलीला स्वतःचं मन कळावं, तिला काय येतं, काय झेपतं, काय सोसत नाही हे तिचं तिला उमगावं, हे शिक्षणाचं एक काम आहे हे दोघांच्याही ध्यानात नाही. म्हणून मी सरळ मांडते: पदवीचं शेवटचं वर्ष आणि त्यानंतरची निदान दोन वर्षं मुलीला तिची म्हणून मिळाली पाहिजेत. नोकरी लागो न लागो. ती वर्षं गुणाबद्दलचं बक्षीस म्हणून द्यायची नाहीत. तो तिचा वाटा आहे.

'स्वतःला ओळखणं' हे शब्द गुळगुळीत झाले आहेत, त्यामुळे मला काय अभिप्रेत आहे ते नीट सांगायला हवं. खेड्यातली मुलगी बारावीपर्यंत अमक्याची पोरगी, तमक्याची बहीण असते. गावात तिला तिच्या नावानं ओळखणारे कमी, बापाच्या नावानं ओळखणारे जास्त. ती तालुक्याच्या कॉलेजात येते तेव्हा हजेरीत पहिल्यांदा तिचं नाव एकटं उच्चारलं जातं. पहिल्या वर्षी या मुली हजेरी देताना इतक्या हळू बोलतात, की मला दोनदा नाव घ्यावं लागतं. दुसऱ्या वर्षी रासेयोचं, म्हणजे राष्ट्रीय सेवा योजनेचं, सात दिवसांचं शिबिर लागतं. कित्येकींची घराबाहेर, नातेवाइकांकडे नव्हे तर परक्या गावातल्या शाळेच्या खोलीत झोपण्याची ती पहिलीच वेळ. तीन वर्षांपूर्वीच्या शिबिरात एका मुलीनं शंभर जणांच्या स्वयंपाकाचा किराणा सांभाळला. सातव्या दिवशी तिनं वही पुढे केली, तर तेल, डाळ, तिखट, सरपण, एकूणएक हिशोब रुपयाला रुपया जुळलेला. तिचा आवडता विषय कोणता असं तोवर कुणी विचारलं असतं तर तिनं 'शिवणकाम' सांगितलं असतं, कारण घरी मशीन होती. त्या वहीनंतर ती आपणहून वाणिज्य शाखेच्या सरांकडे जाऊन बसायला लागली. दुसरी एक पहाटे पाच वाजता गावच्या डांबरी रस्त्यावर पोलीस भरतीसाठी आठशे मीटर पळायची. सोबत धाकटा भाऊ सायकलवर. भरतीत तिचं नाव लागलं नाही. पण ती मला एकदा म्हणाली, मॅडम, माझ्या पायांत एवढा दम आहे हे मला एकवीस वर्षं माहीतच नव्हतं. पाय फक्त पाण्याला जायचे आणि वावरात जायचे. स्वतःला ओळखणं म्हणतात ते हे. याला आरसा लागत नाही, एकांत तर आमच्या घरांतून मिळतच नाही. याला काम लागतं, चार परकी माणसं लागतात, चुकायची मुभा लागते आणि वेळ लागतो. तिसऱ्या वर्षी कुठं हे सुरू होतं, आणि नेमका तेव्हाच घरात पाहुण्यांचा राबता सुरू होतो.

आमच्याकडे विद्यापीठाची उन्हाळी परीक्षा आणि लग्नसराई एकाच वेळी येतात. हातावर हळद घेऊन पेपर लिहिणाऱ्या मुली मी पाहिल्या आहेत. एकीनं शेवटचा पेपर दिला आणि तिसऱ्या दिवशी तिची पाठवणी झाली. निकाल लागला तेव्हा गुणपत्रिका न्यायला तिचा सासरा आला होता. मी ती त्यांच्या हातात देताना तिचे गुण मोठ्यानं वाचून दाखवले, एवढंच मला करता आलं.

आता दुसरी बाजू. ती कच्ची नाही, आणि तिला मागास म्हणून हिणवणाऱ्यांशी माझं पटत नाही. पहिला मुद्दा पोटाचा आहे. बाप म्हणतो, बी.ए. होऊन करणार काय? त्याचा प्रश्न खोटा आहे का? २०२३ च्या तलाठी भरतीत साडेचार हजारांच्या आसपास जागा होत्या आणि अर्ज आले दहा लाखांहून जास्त. अर्जाची फीच हजार रुपये, राखीव प्रवर्गाला नऊशे. म्हणजे मायच्या कापूस वेचणीचे तीन दिवस एका अर्जात गेले. २०२४-२५ साठी सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये ठरला आणि बाजारात शेतकऱ्याच्या हातात चार हजारांच्या आगेमागे पडले. अशा घरात वाढत्या वयाच्या मुलीची आणखी दोन वर्षं ही बापाला चैन वाटली तर त्याला दोष कसा द्यावा? त्यात धाकटी बारावीला असते, भावाच्या डिप्लोम्याची फी असते, सोसायटीचं कर्ज असतं. दुसरा मुद्दा भीतीचा. फाट्यावर उभी असलेली टोळकी खरी आहेत, संध्याकाळची रिकामी एसटी खरी आहे. पोरीला काही झालं तर गाव पोरीलाच बोल लावणार, हेही बापाला पक्कं ठाऊक असतं. तो गावाला आपल्यापेक्षा जास्त ओळखतो.

पण हे दोन्ही मुद्दे नीट पाहिले तर ते लग्नाकडे जात नाहीत. नोकऱ्या नाहीत म्हणून मुलीचं लग्न घाईनं लावायचं, तर मग नोकऱ्या मुलाला तरी कुठं आहेत? त्याच घरातला मुलगा बी.ए. होऊन तीन वर्षं पुण्यात खोली करून राहतो, आणि बाप दर महिन्याला पैसे पाठवतो. त्याला कुणी म्हणत नाही, की नोकरी लागत नाही तर दुसऱ्याच्या घरी जाऊन राहा. त्याच्या त्या तीन वर्षांना 'तयारी' म्हणतात. बहिणीच्या तशाच तीन वर्षांना 'बसून राहणं' म्हणतात. गरिबी दोघांना सारखी असेल, तर मुभा एकालाच का? आणि भीतीचं म्हणाल, तर रस्ता सुरक्षित नाही म्हणून वाटसरूला घरात कोंडायचं आणि टोळक्याला फाट्यावर मोकळं ठेवायचं, हा न्याय कुठला? शिवाय लग्न ही सुरक्षितता आहे हे कुणी ठरवलं? ज्या जिल्ह्यानं कर्जापायी जीव दिलेल्या शेतकऱ्यांच्या इतक्या विधवा पाहिल्या, ज्यांच्या पदरात विशीत दोन लेकरं आणि डोक्यावर नवऱ्याचं कर्ज आलं, त्या यवतमाळनं तरी असं म्हणू नये. त्या बायांपैकी जी बँकेत एकटी जाऊ शकली, तहसीलमध्ये बोलू शकली, सावकाराला 'कागद दाखव' म्हणू शकली, ती तगली. आपल्याला एकटीनं बोलता येतं हे कळायला सुद्धा आधी कधीतरी एकटीनं बोलून पाहिलेलं असावं लागतं.

एक तिसरी भीती आहे. ती मेळाव्याच्या व्यासपीठावरून कुणी उघड बोलत नाही, म्हणून मी बोलते. मुलीला दोन वर्षं दिली तर ती आपल्या मनानं जोडीदार निवडेल, कदाचित जातीबाहेरचा. घाईमागचं खरं कारण पुष्कळदा हेच असतं, आणि पैसा, काळजी, जनरीत ही त्यावरची पांघरुणं. यावर मी असं खोटं आश्वासन देणार नाही, की तसं काही होणार नाही. होईल कधी. पण जिला कधी काही निवडूच दिलं नाही ती घाबरून, लपून, अर्धवट ओळखीच्या माणसाबरोबर निघून जाते, हेही आपण पाहतो ना? विषय निवडताना, काम निवडताना, मैत्रीण निवडताना जिची निवड दोनदा चुकली आणि दोनदा सुधारली, ती माणूस निवडताना जास्त सावध असते. मन ओळखण्याची सवय ही धोक्याची गोष्ट नाही. सवय नसताना अचानक मन जागं होणं धोक्याचं आहे.

आता शेतकरी मुलांच्या लग्नांबद्दल. हा प्रश्न खरा आहे आणि त्या मुलांचं दुःखही खरं आहे. पस्तिशीतला, हातात दहा एकर असलेला, कष्टाळू मुलगा मेळाव्यामागून मेळावे पालथे घालतो आणि खाली मान घालून परततो, ते पाहताना माझ्या पोटात तुटतं. पण याचं खापर शिकलेल्या मुलींवर फोडण्याआधी एक साधा हिशोब करावा. २००१ च्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांखालच्या हजार मुलांमागे ९१३ मुली होत्या, २०११ मध्ये त्या ८९४ झाल्या. तेव्हाची ती लेकरं आज पंधरा ते तिशीच्या आतबाहेर आहेत. म्हणजे आज ज्या नवऱ्या म्हणून सापडत नाहीत, त्यांतल्या कितीतरी जन्मालाच येऊ दिल्या गेल्या नाहीत. ज्या जन्मल्या, वाढल्या, शिकल्या, त्यांनी आता न जन्मलेल्यांची भरपाई म्हणून मुकाट्यानं मांडवात बसावं, ही अपेक्षा कोणत्या तोंडानं करायची?

आणि 'शेतकरी नवरा नको' हे त्या पोरी माज म्हणून बोलतात का? ती शेतकऱ्याचीच लेक असते. बोंडअळी आली तेव्हा बाप रात्रभर ओसरीवर बसलेला तिनं पाहिलेला असतो, मायचे फाटलेले हात पाहिलेले असतात. सातबाऱ्यावर मायचं नाव नसतं, हेही तिला कळतं. मी एकदा वर्गात विचारलं, तुमच्यापैकी कुणाकुणाच्या आईच्या नावावर शेत आहे? तिघींनी हात वर केले, त्यांतल्या दोघींचे वडील वारलेले. मग जी जमीन जन्मभर राबूनही तिच्या नावावर होणार नाही तिच्याशी तिनं लग्न का लावावं? वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतका वाटा महाराष्ट्रानं १९९४ मध्येच दिला आणि देशानं २००५ मध्ये. तरी लग्न झालं की भाऊबीजेच्या ताटाशेजारी हक्कसोडपत्र येतंच. माहेरी जमीन सोडून द्यायची आणि सासरी दुसऱ्याच्या जमिनीत राबायचं, अशा व्यवहाराला ती नाही म्हणते. तिचा नकार शेतीला नाही, शेतीतल्या बाईच्या जागेला आहे. हे ओळखणारी माणसं शेतकरी चळवळीत होऊन गेली. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं लक्ष्मीमुक्तीची मोहीम काढली, घरच्या लक्ष्मीच्या नावावर जमिनीचा तुकडा करा म्हणून गावोगाव सांगितलं, आणि शेतकऱ्यांनी तसं केलंही. मेळाव्यात बोलणाऱ्यांपैकी एकानं तरी म्हणावं, की आमचा मुलगा लग्नाआधी दोन एकर बायकोच्या नावावर करून देईल. मग पाहू किती मुली शेतीला नाही म्हणतात.

'हे स्वतःचा शोध वगैरे शहरातले चोचले आहेत, आपल्याकडे ते नाही,' असं मला एका सुशिक्षित गृहस्थांनी सुनावलं. आपल्याकडे म्हणजे कुठं? अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला? तिथं सातशे वर्षांपूर्वी महदाईसा होती, मराठीची आद्य कवयित्री. चक्रधरस्वामींना ती सारखे प्रश्न विचारायची, उत्तर पटलं नाही तर पुन्हा विचारायची, आणि त्यांना तिचं हे विचारणं आवडायचं. तिनं गायलेल्या धवळ्यांचा, म्हणजे लग्नगीतांचा, विषय कोणता? रुक्मिणीचं लग्न. ती रुक्मिणी तरी कुठली? कौंडण्यपूरची, वर्धेच्या काठची, आपल्या विदर्भाची. भावानं ठरवलेलं स्थळ नाकारून तिनं स्वतः पत्र लिहिलं. तिच्या माहेरची पालखी दर आषाढीला आपण कौतुकानं पंढरपूरला नेतो. वाटेत पालखीपुढे पाणी शिंपणाऱ्या पोरीला मात्र घरी अपेक्षेचा रकाना भरू देत नाही. आणि जुन्या काळातच कशाला जायचं? २० जुलै १९४२ रोजी नागपुरात दलित वर्गाच्या महिलांची परिषद भरली. अध्यक्षा होत्या अमरावतीच्या सुलोचनाबाई डोंगरे. हजारो बाया आल्या होत्या. त्यांना बाबासाहेब आंबेडकरांनी सांगितलं, की लग्नाची घाई करू नका, आणि लग्न केलंच तर नवऱ्याची मैत्रीण आणि बरोबरीची म्हणून उभ्या राहा, दासी म्हणून नव्हे. ऐकणाऱ्या बाया कुठल्या शहरी चोचल्यातल्या होत्या? मजुरी करणाऱ्या, विडी वळणाऱ्या घरांतल्या होत्या. त्याच नागपुरात जाईबाई चौधरींनी हमाली केली, लोकांची ओझी डोक्यावर वाहिली, आणि पुढे मुलींसाठी संत चोखामेळ्याच्या नावानं शाळा काढली. ज्यांच्या ताटात काही नव्हतं त्यांनी हा शोध घेतला. त्यांच्या नातवंडांना तो परवडत नाही असं कसं?

इथं मला वर्ध्याजवळच्या पवनारची आठवण होते. १९५९ मध्ये विनोबांनी तिथं धाम नदीच्या काठी ब्रह्मविद्या मंदिर सुरू केलं. बाया घरदार न करता तिथं राहतात, शेतात खपतात, निर्णय एकमतानं घेतात. त्यांच्या पाया पडायला गावोगावची माणसं जातात. बाईनं सगळं सोडून स्वतःला शोधलं तर आपण हात जोडतो. काहीही न सोडता, घरातच राहून, लग्नाआधी दोन वर्षं शोधायचं म्हटलं तर डोळे वटारतो. वैरागिणीला जी मुभा आहे ती पोरीला का नाही, याचं उत्तर मला अजून कुणी दिलेलं नाही.

आता आमच्याच बाजूच्या लोकांना चार शब्द. मुलींच्या बाजूनं बोलणारेही हा वाद वाईट रीतीनं लढतात. 'शिका आणि नोकरी मिळवा' या एकाच सुरात आपण शिक्षणाची किंमत पगाराच्या चिठ्ठीला बांधून टाकली. परिणाम काय झाला? अभ्यासिकेत तीन-चार वर्षं घासून जिचं नाव यादीत लागलं नाही ती परत आली की सगळे म्हणतात, वाया गेली. बाप म्हणतो, शेजारी म्हणतात, आणि सगळ्यांत आधी ती स्वतः म्हणते. पळणारी ती मुलगी भरतीतून परतली तेव्हा दोन महिने कुणाशी बोलली नाही. आपण तिला कधी सांगितलंच नव्हतं, की निकालाच्या यादीबाहेरही तुझं काही शिल्लक आहे. आज ती गावातल्या आठ-दहा मुलींना पहाटे पळवते. त्यातून तिला कवडी मिळत नाही. पण तिला 'तुझी अपेक्षा काय' विचारा, ती पाच मिनिटं न थांबता बोलेल.

१८८१-८२ साली असाच एक वाद चालू होता. सुरतेच्या विजयालक्ष्मी नावाच्या विधवेला नवजात बाळाच्या हत्येबद्दल शिक्षा झाली आणि वर्तमानपत्रांतून बायकांच्या चालचलणुकीवर पुरुषांनी लेखणी झिजवली. विधवा बिघडतात असं एक म्हणे, विधवांवर दया करा असं दुसरा म्हणे. तेव्हा आपल्या बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे उठल्या आणि 'स्त्रीपुरुषतुलना' लिहून त्यांनी सरळ विचारलं, की जे दोष बायकांवर लादता ते तुमच्या अंगी नाहीत का? त्या ना पुण्यातल्या होत्या ना मुंबईतल्या. घरी वडिलांनी शिकवलं तेवढंच शिक्षण. तरी वादाची बैठकच चुकली आहे हे त्यांना दिसलं. ते पुस्तक पुढे नव्वदेक वर्षं विस्मरणात गेलं, १९७५ मध्ये स. गं. मालशे यांनी ते पुन्हा लोकांसमोर आणलं. ज्या मातीनं ताराबाई दिली तिनंच तिला विसरावं, आणि आज पुन्हा मांडवातल्या दोन पुरुषांनी मुलींचं काय करायचं यावर बोलावं, मुलींनी मांडीवर फॉर्म घेऊन ऐकावं, यात काय बदललं?

डिसेंबर २०२१ मध्ये मुलींच्या लग्नाचं वय अठरावरून एकवीस करण्याचं विधेयक लोकसभेत आलं. ते समितीकडे गेलं आणि २०२४ मध्ये लोकसभा विसर्जित झाली तेव्हा बारगळलं. तेव्हाही सगळी चर्चा आकड्यावर झाली. जिला अठराव्या वर्षी कुणी विचारत नव्हतं तिला एकविसाव्या वर्षी न विचारता उजवलं, तर फरक तीन वर्षांच्या स्वयंपाकाचाच.

मग काय हवं? मी शिकवणारी बाई आहे, मला रोजच्या रोज जे दिसतं ते सांगते. मुलीचं मन उमलणं हे आमच्याकडे शेवटच्या एसटीच्या वेळेवर अवलंबून आहे. वाचनालय साडेपाचला उघडतं आणि शेवटची गाडी सव्वापाचला सुटते, म्हणून कितीतरी मुलींनी तीन वर्षांत वाचनालयाची खुर्ची पाहिलेली नाही. २०२१-२२ मध्ये एसटीचा संप काही महिने चालला, तेव्हा आमचे वर्ग अर्धे झाले, आणि जे अर्धे रिकामे झाले ते बाक मुलींचे होते. त्यांतल्या काही परत आल्याच नाहीत. मुलींना बारावीपर्यंत एसटीचा पास मोफत आहे. कॉलेजात आली की सवलतीचा पास काढावा लागतो, आणि तिथंच एखादीचं शिक्षण अडतं. २०२४ मध्ये सरकारनं आठ लाखांच्या आत उत्पन्न असलेल्या घरांतल्या मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांची फी माफ केली. चांगलं केलं. पण खेड्यातली बहुसंख्य पोरगी बी.ए.ला आहे, आणि तिला फी अडवत नाही, अंतर अडवतं. मोफत पास पदवीपर्यंत न्या. संध्याकाळी सातची एक गाडी सोडा. तालुक्याच्या ठिकाणी पन्नास मुलींचं वसतिगृह काढा, आणि त्यात पदवीनंतरही दोन वर्षं राहता येईल असा नियम करा.

हे अशक्य वाटतं का? १९२० च्या दशकात पंजाबराव देशमुखांनी अमरावतीत श्रद्धानंद छात्रालय काढलं. शेतकऱ्यांच्या मुलांना शहरात शिकायचं तर राहायचं कुठं, हा प्रश्न त्यांनी आधी सोडवला आणि मग शाळा-महाविद्यालयांचं जाळं विणलं. जेवणाचं ताट विका पण पोरं शिकवा, असं सांगत गाडगेबाबा याच भागातून झाडू घेऊन हिंडले. त्या छात्रालयांत राहिलेल्या पोरांना कुणी विचारलं नाही, की रात्री दिव्याखाली बसून गप्पा कसल्या मारता, याचा उपयोग काय. त्या गप्पांतूनच विदर्भाला वकील मिळाले, शिक्षक मिळाले, आंदोलनं करणारी माणसं मिळाली. मुलींच्या वाट्याला त्या दिव्याखालच्या गप्पा अजून आलेल्या नाहीत. त्यांच्या गप्पा एसटीत होतात, उभ्यानं, एका हातानं दांडा धरून, पंचवीस किलोमीटरपुरत्या.

फॉर्मवाल्या मुलीचे वडील मागच्या आठवड्यात कॉलेजात आले होते. पोरीची हजेरी कमी भरली म्हणून आले, असं म्हणाले. पण तेवढ्यासाठी कुणी दहा एकरांतली तूर सोडून येत नाही. मी त्यांना चहा दिला. बराच वेळ पिकाच्या भावाचं बोलले, पावसाचं बोलले. मग टोपी मांडीवर घेऊन म्हणाले, "मॅडम, ते फॉर्मावर मी लिहिलं ते तिले पटलं नाही वाटते. तिनं तुमच्यापाशी काही सांगतलं का?" मी म्हटलं, काका, तिलाच विचारा. ते म्हणाले, इचारलं, तं म्हणते अजून ठरलं नाही. मी म्हटलं, मग ठरू द्या. परीक्षा होऊ द्या, मग दोन वर्षं ठरू द्या. दोन वर्षं ऐकून ते दचकले. बाहेर पाहत राहिले. मैदानावर त्यांची लेक मैत्रिणींसोबत उभी होती आणि काहीतरी हातवारे करून सांगत होती. त्या सगळ्या तिचं ऐकत होत्या. वडिलांनी तिला असं बोलताना आधी पाहिलं नसावं. उठता उठता म्हणाले, "सोयाबीन निघेपर्यंत थांबतो. मग पाहू."

म्हणजे पुढची दिवाळी. दोन वर्षांतले मला सहा-सात महिने मिळाले. बाकीचे मागायला मी दिवाळीत त्यांच्या गावी जाणार आहे.